पाचही बोटं

साठ मीटर वर, काचेच्या केबिनमध्ये
मी आणि पाण्याची एक बाटली.
खाली जुबैलचं यार्ड, पाईपांचे ढीग,
ढिगांच्या मधे पिवळ्या जाकिटातला माणूस,
अंगठ्याएवढा.
वॉकीटॉकी वाऱ्यात नुसती खरखरते,
म्हणून मी त्याचे हात वाचतो.
तर्जनी वर, मनगट गोल फिरतंय: उचल.
तर्जनी खाली: सोड, बेताने.
हात आडवा, तळवा जमिनीकडे: थांब.
नाव बुशरा. सुदानचा.
आमच्या खेडला हे मुलीचं नाव,
माझ्या आतेबहिणीचं.
पहिल्या दिवशी हसलो होतो.
बरं झालं, साठ मीटरवरून दात दिसत नाहीत.

नवा होतो तेव्हा एकदा
फोरमन अबू मिशअलने माझ्यापुढे
पाचही बोटं जुळवली, टोकं वर,
आणि हात हलवला, खाली-वर, खाली-वर.
मला वाटलं, विचारतोय जेवलास का.
पोटावर हात फिरवून दाखवला, जेवलो.
अख्खं ऑफिस हसलं.
तो म्हणत होता, सबर. जरा दम धर.

मग शिकत गेलो.
कहवा पुरे झाला तर तोंडाने सांगायचं नाही,
रिकामा पेला दोन बोटांत डुलवायचा.
(हे कळेपर्यंत सात पेले प्यालो.)
नाकाच्या शेंड्यावर बोट: तुझं काम माझ्या नाकावर, झालंच समज.
आपण नाक मुठीत धरतो, हे पणाला लावतात.
हात मिळवल्यावर तळवा छातीवर:
हे बाबा करायचा, खलाशी होता,
कुठल्या बंदरात शिकला ते आत्ता कळलं.
माझी मान मात्र तशीच डोलते,
हो आणि नाहीच्या मधोमध,
आणि अबू मिशअल अजून विचारतो, म्हणजे काय?

रात्री जैबूनचा व्हिडिओ कॉल.
नेट अडकतं. आधी आवाज जातो,
मग ओठ,
तोंडाशी नेलेली पाच बोटं तेवढी
पडद्यावर गोठून राहतात.
जेवलात?
मी अंगठा दाखवतो. पोचतो की नाही, कोण जाणे.

मंगळवारी नऊच्या सुमारास
चौदा टनांचा तुकडा हुकाला होता.
बुशराने हात आडवा केला. थांब.
खिशातून फोन काढला, कधी काढत नाही तो.
ऐकला. ठेवला.
मग दोन्ही हात पोटापुढे आणून एकमेकांत गुंफले.
आमच्या वहीतली ही शेवटची खूण:
सगळं थांबव. हुक, बूम, सगळं.
थांबवलं.
वाटलं साखळी सरकली. पाहिली, ठीक.
दोर पाहिला, ठीक.
तो तसाच उभा.
शाळेत बाई म्हणायच्या, हाताची घडी, तोंडावर बोट.
तसाच काहीसा, शिक्षा झालेल्या पोरासारखा,
गुडघ्यांत सैल,
खांदे कुणी हुकावरून सोडून दिलेले.
साठ मीटरवरून दात दिसत नाहीत.
हे दिसतं.

चौदा टन हवेत
हळूहळू स्वतःभोवती फिरत राहिले.
अशा वेळी हॉर्न वाजवायचा नियम आहे.
अकरा मिनिटं.
लॉगबुकात मी लिहिलं: वारा.

मग त्याने बाहीने तोंड पुसलं,
तर्जनी वर केली.
मनगट फिरलं.

दुपारी शिडी उतरून गेलो.
कंटेनरच्या सावलीत तो, रिकाम्या हातांनी.
त्याला हिंदी येत नाही,
मला अरबीचे चार शब्द, त्यातल्या तीन शिव्या.
समोर बसलो, आणि माझ्या हाताने
मला न विचारताच पाचही बोटं जुळवली.
मला म्हणायचं होतं, जेवलास?
तो बोटांकडे बराच वेळ पाहत राहिला.
मग तळवा छातीवर ठेवून
मान खाली घातली,
माझं म्हणणं पटल्यासारखी.

मी डबा उघडून मधे सरकवला.
सुरमई, भात.
पुष्कळ वेळाने त्याने
एक घास जुळवला.